दासी कोणासाठी रडल्या

'हसून' हा शब्द मी माझ्या हाताने लिहिला आहे. काळ्या शाईने, फुलस्केप कागदावर, डावीकडे समास सोडून, वळणदार अक्षरात. इतकी वर्षं झाली तरी तो कागद आठवला की माझं डोकं फिरतं. तो शब्द खोटा होता आणि तो खोटा आहे हे मला लिहितानाच माहीत होतं.

ऐंशीच्या दशकातली मधली वर्षं होती ती. मराठीत एम.ए. करून मी तिगावला घरी बसले होते. वडील मी दहावीत असतानाच गेले होते आणि माय तिथल्याच एका संत्र्याच्या बगीच्यात मजुरीला जायची. जवळच्या पांढुर्ण्यात एक निवृत्त प्राध्यापक राहायचे. नागपुरात इंग्रजी शिकवता शिकवता त्यांनी ग्रीक आणि लॅटिन स्वतःच्या हिमतीवर शिकून घेतलं होतं, आणि आता त्या दोन भाषांतल्या जुन्या महाकाव्यांवर ते मराठीत जाडजूड ग्रंथ लिहीत होते. दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू, स्वतःचं अक्षर स्वतःला लागेना. त्यांना लिहून देणारं माणूस हवं होतं. ते सांगायचे ते उतरवून घ्यायचं, जुने कागद वाचून छापखान्यासाठी पक्की प्रत करायची, एवढं माझं काम. ग्रंथ पुरा झाला की सौंसरच्या एका शाळेत ते माझ्यासाठी शब्द टाकणार होते.

सरांचं देणं मी नाकारत नाही. त्यांच्या अंगणात त्यांच्या मुलाच्या संत्र्याच्या पेट्या ठोकल्या जायच्या, त्या ठोकाठोकीत पडवीत बसून सर मला ग्रीक मुळाक्षरं शिकवायचे. जहाजांच्या याद्या, ढालीवरची चित्रं, मेलेल्या पोराचं प्रेत मागायला शत्रूच्या तंबूत गेलेला म्हातारा राजा, हे सगळं मला त्या पडवीत भेटलं. घरी जाताना पॅसेंजरमध्ये मी ते ग्रीक शब्द ओठातल्या ओठात म्हणायचे आणि समोरची बाई मला वेड लागलंय असं समजून सरकून बसायची. मी सुखी होते तेव्हा. हे सांगायला हवं, नाहीतर पुढचा राग कळणार नाही.

आम्ही बौद्ध. आपण जातपात मानत नाही, हे सर येणाऱ्या प्रत्येकाला सांगायचे आणि सांगताना माझ्याकडे बोट दाखवायचे. मी हसायचे. 'रडून राहिल्या होत्या' असं मी कधी चुकून लिहिलं, की वाचून दाखवताना ते कान टवकारत. "रडत होत्या. ग्रंथात वऱ्हाडी चालत नाही, बेटा." आणि पाचच मिनिटांनी अंगणाकडे तोंड करून मुलावर ओरडत, "काय करून राहिला रे तिकडे?"

तर ती ओळ. ग्रीकांच्या युद्धाच्या महाकाव्यात एक वीर पडतो आणि त्याचं प्रेत छावणीत आणतात. तिथे एक लुटून आणलेली बाई आहे. ती त्याच्या छातीवर पडून आक्रोश करते, कारण तो तिच्याशी मऊ वागला होता. तिच्याभोवती तिच्यासारख्याच पकडून आणलेल्या बाकीच्या दासी उभ्या असतात, त्याही रडू लागतात. आणि कवी एवढंच म्हणतो, की रडायला तो मेलेला माणूस होता, पण जी ती रडली आपापल्या दुःखासाठी. यात मेलेल्या माणसाबद्दल जो शब्द येतो त्याचे कोशात अनेक अर्थ आहेत. कारण, प्रसंग, निमित्त, सबब, बहाणा. पंडितांची भांडणं या एका शब्दावरून चाललेली. सरांनी आपला कौल देऊन टाकला होता. बहाणा. प्रकरणाचं नावच त्यांनी दिलं होतं, 'दासींचे सोंग'.

मला ते पटलं नव्हतं. का पटलं नव्हतं ते मला मायमुळे माहीत होतं.

त्याच वर्षी माय जिथे कामाला जायची त्या बगीच्याचा मालक मेला होता. मजूर बाया मयतीला गेल्या. त्यांना आत कोण घेतंय, फाटकाबाहेर उभ्या राहिल्या. मीही मायसोबत होते. तिरडी बाहेर आली आणि माय अशी काही हेल काढून रडली की घरातल्या बायकासुद्धा वळून पाहू लागल्या. मी थक्क झाले. जिवंतपणी त्या माणसाने मायला कधी धड नावाने हाक मारली नव्हती. परतताना रुळाच्या कडेने आम्ही दोघीच चालत होतो. मी विचारलं, "माय, तू त्याच्यासाठी येवढी रडली?"

"त्याच्यासाठी कायले रडू?" माय म्हणाली. "तुह्या बापासाठी रडली. तो मेला तेवा तिसऱ्याच दिवशी याच्या संत्र्याची तोड लागली. गाडी भरायची होती. मले रडाले टाइम कोनं देला? आज निमित्त भेटलं."

हे सांगताना ती समोर पाहून चालत होती. तिचा आवाज बसला होता. पदराने तिने दोनदा नाक पुसलं. मला सगळं आठवतं, आणि त्यात हसू कुठेही नाही.

हे मी सरांना सांगितलं. मीच सांगितलं. मोठ्या उत्साहाने, जणू मला त्या ग्रीक शब्दाची किल्ली सापडली होती. सर खुर्चीत पुढे सरकून ऐकत राहिले. "वा!" म्हणाले. "फार चांगलं. फारच चांगलं."

पुढच्या आठवड्यात त्यांनी सांगितलेला मजकूर असा होता. आमच्या भागातल्या मजूर बायकांत हे सोंग आजही पाहायला मिळते. एका धनिकाच्या मृत्यूवेळी एका बाईने असा काही गळा काढला की पाहणाऱ्यांची मने हेलावली. परंतु घरी जाताना तीच बाई मुलीजवळ हसून म्हणाली, निमित्त मिळाले.

माझा पेन थांबला. "सर, ती हसली नव्हती."

"अगं, ते लिहिण्यात थोडा रंग यायला हवा. नाव कुठे घेतलंय आपण? लिही."

आणि मी लिहिलं. 'सोंग' लिहिलं, 'गळा काढला' लिहिलं, 'हसून' लिहिलं. प्रेताला रडून घरी जाताना हसणारी बाई म्हणून माझी माय आता छापून येणार होती, आणि तिची पक्की प्रत मी करत होते. सरांचा राग आला होता, पण त्यांना तोंडावर बोलायची माझी छाती नव्हती. सौंसरची शाळा डोळ्यांपुढे होती. मग मी कागदांवर राग काढला. जुनी प्रकरणं काढून वाचत बसले. त्याच ग्रीक काव्यात, त्या दासींपासून थोड्याच ओळी पुढे, मेलेल्या वीराचा मित्र शोक करतो आणि त्याच्याभोवतीचे म्हातारे सरदार उसासे टाकतात, प्रत्येकजण आपापल्या घरी काय सोडून आलो ते आठवून. तोच मेलेला माणूस, तसेच परक्याच्या शोकात मिसळलेले स्वतःचे अश्रू. तिथे सरांनी लिहिलं होतं 'सहवेदना'. लॅटिन महाकाव्याचा नायक परक्या शहरातल्या देवळात आपल्याच युद्धाची चित्रं पाहून रडतो. तिथे सरांनी 'उदात्त' हा शब्द एका पानात चारदा वापरला होता. सरदार रडले ती सहवेदना, नायक रडला ते उदात्त, आणि दासी रडल्या ते सोंग! मी हे एकदा भीतभीत विचारलंही. सर म्हणाले, "तो शब्द कवीने दासींनाच वापरला आहे, सरदारांना नाही." आणि ते खरं होतं.

त्या दिवशी ते कागद घेऊन घरी गेले आणि मायला सगळं वाचून दाखवलं. ती तांदूळ निवडत होती. 'हसून' आलं तेव्हा तिचा हात थांबला.

"मी हासली नोती," ती म्हणाली.

"माहीत आहे."

"मंग तू कायले लेहलं?"

मी कागद गोळा करू लागले. तिने सूप बाजूला ठेवलं आणि त्या काव्यातल्या बायांबद्दल विचारू लागली. त्या कुठल्या, त्यांना कोणी आणलं, त्यांची माणसं कुठे गेली. मी सांगत गेले. तिने सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाली, "उद्या मी येतो तुह्यासंगं."

आमच्याकडे बाया स्वतःबद्दल बोलतानाही येतो, जातो म्हणतात. सरांच्या लेखी ती अशुद्ध भाषा होती.

दुसऱ्या दिवशी माय धुतलेलं लुगडं नेसून माझ्यासोबत पांढुर्ण्याला आली. सर उठून उभे राहिले, "या बाई, बसा," म्हणाले. माय जमिनीवर बसेल असं त्यांना वाटलं असावं, कारण ती खुर्चीत बसल्यावर ते क्षणभर घुटमळले. मायने इकडचं तिकडचं काही काढलं नाही.

"सर, मी हासली नोती."

"बाई, ते तुमच्याबद्दल नाही. एक उदाहरण म्हणून..."

"माहंच उदाहरन हाये ना?"

सर माझ्याकडे पाहू लागले. मी दौतीकडे पाहत होते. माय पुढे म्हणाली, "मले एक सांगा. त्या बायाईचे मानसं कोनं मारले?"

"याच लोकांनी," सर म्हणाले. "ज्यांच्या छावणीत त्या होत्या त्यांनीच."

"मंग त्या छावनीत त्याईनं आपल्या मानसाच्या नावानं रडलं असतं तं?"

सर थांबले. "मालकांना ते खपलं नसतं," ते सावकाश म्हणाले.

"नाहीच खपत. मालकाचं मानूस मरते तेवा रडनं चालते. तेवा कोनी इचारत नाही कोनासाठी रडून राहिली म्हून. उलटं, नाही रडलं तं इचारते. वर्साचं साचून ऱ्हायते इथं." तिने छातीवर हात ठेवला. "त्या दिवशी मले मोकळीक भेटली, सर. मोकळीक म्हंजे सोंग नाही."

सरांनी मला कोश काढायला लावला, तो शब्द वाचायला लावला, सगळे अर्थ पुन्हा एकदा मोठ्याने. मग ती ओळ त्यांनी स्वतः ग्रीकमध्ये म्हटली. डोळे मिटलेले. "मोकळीक," ते पुटपुटले. "बाई, तुम्ही फार मोठी गोष्ट सांगितली. फार मोठी." मग मला म्हणाले, "ते काढ सगळं. सोंग काढ, हसून काढ. प्रकरणाचं नाव बदल."

मला रडू फुटलं. परतीच्या गाडीत मायने खिडकीजवळची जागा पटकावली, स्टेशनवर घेतलेले पेरू पदराला पुसून एक मला दिला, आणि तिगाव येईपर्यंत त्या छावणीतल्या दासींना पुढे काय झालं ते विचारत बसली. इतकी खूश मी तिला क्वचितच पाहिली होती.

त्यानंतरच्या सकाळी सरांनी प्रकरण नव्याने सांगायला घेतलं. पहिलंच वाक्य असं होतं: माझ्या मते या शब्दाचा अर्थ बहाणा नसून मोकळीक हा आहे.

मी लिहायचं थांबले. सरांना दिसत नव्हतं, पण पेन थांबलेला ऐकू यायचा.

"काय झालं?"

"सर, मायचं..."

"हो, हो. तळटीप देऊ. ग्रंथात असं मध्ये घालता येत नाही. तळटीप देऊ आपण. पुढे घे."

पुढे घेतलं. ज्यांना स्वतःच्या मृतांसाठी शोक करण्याची अनुज्ञा नसते, त्यांना मालकाचा शोक हीच एकमेव मोकळी जागा असते. मायचं बोलणं, धुऊन इस्त्री करून, शुद्ध मराठीत. मायने छातीवर हात ठेवला होता, त्याचं त्यांनी 'संचित दुःख' केलं. अनुज्ञा म्हणे! त्याच दुपारी त्यांनी मला आणखी एक कागद लिहायला लावला. सौंसरच्या शाळेसाठी माझी शिफारस. त्याखाली चाचपडत सही केली आणि घडी करून माझ्या हातात दिली.

ती तळटीप मी पुन्हा कधी मागितली नाही. पक्की प्रत मी केली. मुद्रितं मी तपासली. तळटीप नाही हे माझ्याइतकं कोणालाच माहीत नव्हतं. एक ओळ घालायला मला किती वेळ लागला असता? सरांना दिसलंही नसतं. पण मी ती घातली नाही, कारण ते विचारतील, वाचून दाखव म्हणतील, आणि मग शाळेचं काय होईल, अशी भीती वाटली. सरांवरचा राग सांगायला सोपा आहे. तो मी पुष्कळ जणांना सांगितला आहे.

वर्षभराने ग्रंथ छापून आला. तोवर मी सौंसरला नोकरीला लागले होते. तिथल्याच एका सभागृहात प्रकाशन ठेवलं होतं. मी मायला बोलावलं. खरं तर बोलवायचं नव्हतं, पण तिलाच उत्सुकता. ती तिगावहून पांढुर्णा आणि तिथून बसने सौंसरला आली आणि शेवटच्या रांगेत माझ्याशेजारी बसली. हार झाले, शाली झाल्या. लोधीखेड्याहून आलेल्या एका निवृत्त मुख्याध्यापकांनी नेमकं तेच प्रकरण उचललं. म्हणाले, "पश्चिमेचे पंडित ज्या शब्दापाशी अडखळले, तिथे आमच्या सरांनी मोकळीक हा साधा मराठी शब्द ठेवला. याला म्हणतात प्रतिभा!" टाळ्या पडल्या. सरांनी हात जोडले. मी त्यांच्याकडे टक लावून पाहत होते. हा माणूस आता उठेल, आता तरी सांगेल, असं मला त्या टाळ्या संपेपर्यंत वाटत होतं. तो उठला नाही.

मायने माझ्या कानाशी तोंड आणलं. "हे तं म्या म्हटलं होतं."

"हो."

"लेहलं असन ना मंग त्याच्यात."

सभा संपली. सरांनी मला एक प्रत दिली, 'सुवाच्य अक्षराबद्दल सस्नेह' असं लिहवून घेऊन. प्रस्तावनेतही मी तेवढीच आहे, सुवाच्य अक्षरापुरती. त्या पुस्तकात मायचं नाव कुठेच नाही, म्हणून मी इथे सरांचंही लिहिलेलं नाही. माझं तर मुळीच लिहिणार नाही.

दुपारी सौंसरच्या बसस्टँडवर पांढुर्ण्याच्या गाडीची वाट पाहत आम्ही बाकावर बसलो. मायने पुस्तक मांडीवर घेतलं. कव्हरवरून हात फिरवला, वास घेतला.

"माहं बोलनं कुठं हाये? दाखव."

मी पान काढलं. नवं शीर्षक होतं, 'दासींचा शोक'. त्याखालचं पहिलं वाक्य. मी तिचं बोट धरून त्याच्या पहिल्या शब्दावर ठेवलं.

"वाच."

ते बोट 'मते'पर्यंत नेत मी वाचलं, "तिगावच्या एका बाईच्या मते..."

माय माझ्या तोंडाकडे पाहत नव्हती. पानाकडे पाहत होती. तिने बोट परत पहिल्या शब्दावर आणलं आणि सावकाश पुढे सरकवलं, एका शब्दावरून मधल्या मोकळ्या जागेवर, तिथून दुसऱ्या शब्दावर, आणि तिथेच थांबवलं. मग परत मागे आणलं. तिला एक अक्षर येत नव्हतं. पण दोन आणि चार यांतला फरक कळायला अक्षर कशाला लागतं.

"इथं तं दोनच दिसून राहिले," ती म्हणाली. "तू चार वाचले."

मी बसकडे पाहू लागले. बस अजून आली नव्हती.

"सोंग नोको करू, पोरी," माय म्हणाली. "लेहलं तसं वाच."

तिचं बोट तसंच त्या जागी होतं. मी वाचलं, "माझ्या मते."

"कोन म्हंते?"

"सर."

"अन लेहलं कोनं?"

"मी," मी म्हणाले.